जुळ्यांपैकी एक

मी एक झाड तोडायला लावलं आहे. म्हणजे करवत मी चालवली नाही, फक्त एक फॉर्म भरला आणि दोन फोटो जोडले. पण फॉर्म भरताना पुढे काय होणार ते मला पक्कं ठाऊक होतं, त्यामुळे तोडायला लावलं असंच म्हणायला हवं. बरेच शनिवार 'लिहू लिहू' म्हणतोय आणि दर वेळी कपडे, किराणा, आईचा फोन यातलं काहीतरी आडवं येतं. आज बाहेर पाऊस आहे, लाईट आहेत, आणि चहाही मीच केलाय. तेव्हा आता लिहूनच टाकतो.

२०२२ मध्ये मी वर्षभर ऑनसाईट होतो. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर, ब्रायटन नावाच्या गावात. लंडनहून ट्रेनने साधारण तासाभरावर. समुद्र आहे, पण वाळू नाही, सगळे गोटे. पहिल्या रविवारी मी उत्साहाने चपला काढून चालायला गेलो आणि दहा पावलांत परत घातल्या. असो.

राहायला एका चढावरच्या गल्लीत वरच्या मजल्यावर एक खोली होती. खिडकीबाहेर फूटपाथवर एक प्रचंड झाड. माझं वनस्पतीशास्त्र म्हणजे आंबा, वड, नारळ आणि 'इतर'. हे झाड 'इतर'मध्ये गेलं. मार्च-एप्रिलमध्ये पानं यायच्या आधीच त्याला पातळ, कागदी, गोल चकत्या आल्या आणि वाऱ्याबरोबर खिडकीतून थेट कीबोर्डवर पडायला लागल्या. आणि एकदम पुण्याची आठवण झाली. आमच्या जुन्या सोसायटीच्या कुंपणाला वावळाचं झाड होतं. उन्हाळ्यात त्याच्या अशाच चकत्या सगळ्या पार्किंगभर पडायच्या, आणि आम्ही पोरं त्या सोलून आतला दाणा खायचो. व्हिडिओ कॉलवर बाबांना दाखवलं तर ते म्हणाले, "अरे, हा तर वावळच." मी म्हटलं, "बाबा, इंग्लंडमध्ये कुठला वावळ?" नंतर कळलं की ते अगदीच चुकीचं बोलत नव्हते. ते झाड एल्म होतं, आणि वावळ एल्मच्याच कुळातला. इंग्रजीत वावळाला इंडियन एल्मच म्हणतात. बाबा हे मला अजून ऐकवतात.

आता जरा ऑफिसबद्दल सांगावं लागेल, कारण त्याशिवाय झाडाची गोष्ट पूर्ण होत नाही.

क्लायंटची बिलिंगची सिस्टिम होती, छत्तीस सर्व्हर. मी गेलो तेव्हा प्रत्येक सर्व्हर वेगवेगळ्या माणसाने वेगवेगळ्या वर्षी हाताने उभा केलेला. एकावर जावाची जुनी आवृत्ती, दुसऱ्यावर कुणालाच माहीत नसलेली एक रात्रीची स्क्रिप्ट, तिसऱ्याला हात लावायला सगळेच घाबरायचे. मी तेव्हा पंचवीस वर्षांचा होतो, अंगात रग होती. मी एक 'गोल्डन इमेज' बनवली. म्हणजे एकच मशीन अगदी नीट घडवायचं आणि बाकी सगळी त्याची हुबेहूब कॉपी. दोन महिन्यांत छत्तीसच्या छत्तीस सर्व्हर एकसारखे झाले. मीटिंगमध्ये टाळ्या वगैरे पडल्या.

मे महिन्यात एका मंगळवारी त्यातल्या चौदा नंबरच्या सर्व्हरची डिस्क भरत आली. बघितलं तर लॉग फाईल फुगत चालली होती. जुने लॉग आपोआप पुसायची जी सोय मी इमेजमध्ये केली होती, तिच्यात माझ्याच हातून एक अक्षर चुकलं होतं. चौदा नंबरवर काम जास्त यायचं म्हणून तिथे आधी दिसलं, एवढंच. मी लॉग पुसला, सर्व्हर रीस्टार्ट केला आणि 'नंतर बघू' म्हणून चहा प्यायला गेलो. कुणाला बोललो नाही. इमेज माझी होती, टाळ्या मला मिळाल्या होत्या आणि त्याच महिन्यात अप्रेझल होतं. तुम्हीही आयटीत असाल तर यापुढे सांगायला नको.

शुक्रवारी रात्री, महिनाअखेरच्या बिलिंगच्या ऐन मध्यात, अर्ध्या तासात सगळे सर्व्हर एकामागून एक पडले. छत्तीसच्या छत्तीस. आधीचे ते गबाळे सर्व्हर कधी एकदम पडायचे नाहीत हो. रोज एखादा पडायचा, पण बाकीचे चालू असायचे. सकाळी सहाला सगळं परत उभं राहिलं. नंतर रूट कॉजचं डॉक्युमेंट लिहायचं कामही माझ्याकडेच आलं. त्यात एक रकाना असतो: 'आधी काही लक्षण दिसलं होतं का?' मी लिहिलं, 'नाही'.

त्या शनिवारी झोप येईना म्हणून चालत सुटलो आणि प्रेस्टन पार्कात पोचलो. तिथे एक झाड आहे. खोड आतून पोकळ, एखादा माणूस सहज आत उभा राहील इतकं, साल म्हाताऱ्या हत्तीच्या कातड्यासारखी, आणि वर मात्र ताजा हिरवा पाला. मी बघत उभा होतो तर कुत्रा घेऊन आलेले एक आजोबा आपणहून म्हणाले, "इथे दोन होती." मग कुत्र्याने त्यांना पुढे ओढून नेलं.

घरी येऊन शोधलं. प्रेस्टन ट्विन्स. प्रेस्टनची जुळी. वय साधारण चारशे वर्षं मानतात, म्हणजे शिवाजी महाराजांच्या जन्माच्या आसपासची. जगातले सगळ्यात जुने इंग्लिश एल्म हेच, असं समजलं जातं. त्यातलं एक रोग लागल्यामुळे २०१९ च्या डिसेंबरमध्ये तोडावं लागलं. राहिलेलं एक मी पाहिलं होतं.

पुढच्या दोन-तीन वीकएंडना मी या झाडाबद्दल मिळेल ते वाचून काढलं. ज्याच्यापासून पळायला पार्कात गेलो होतो, तेच तिथे भेटलं.

युरोपात फील्ड एल्म नावाचा एल्म आहे, शास्त्रीय नाव उल्मस मायनर. त्याच्या माणसांनी जपलेल्या, वाढवलेल्या अनेक जाती आहेत, आणि त्यातलीच एक म्हणजे इंग्लिश एल्म, 'अटिनिया'. नावात इंग्लिश असलं तरी झाड मूळचं तिथलं नाहीच. २००४ मध्ये माद्रिदच्या लुइस हिल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 'नेचर'मध्ये एक छोटासा लेख लिहिला. त्यांनी या झाडांचं डीएनए तपासलं. निष्कर्ष असा, की इंग्लिश एल्म म्हणजे एकाच झाडाच्या प्रती. रोमन लोकांनी तो इटलीतून स्पेनमध्ये आणि तिथून ब्रिटनमध्ये नेला. साधारण दोन हजार वर्षं जुनं एकच झाड, कॉपी-पेस्ट होत होत अख्ख्या इंग्लंडभर पसरलेलं.

नेलं कशाला? तर द्राक्षांसाठी! आपल्या नाशिककडे वेली तारांवर आणि मांडवावर चढवतात ना, रोमन लोक त्या झाडांवर चढवायचे. पहिल्या शतकात कोलुमेला नावाच्या लेखकाने शेतीवर मोठा ग्रंथ लिहिला. हा गृहस्थ मूळचा स्पेनच्या काडिझचा. वेलीसाठी कोणता एल्म चांगला याची चर्चा त्याने केली आहे, आणि त्यात अटिनियाची तारीफ आहे. उंच वाढतो, पाला चांगला, जनावरं आवडीने खातात. आणि बी फारसं धरत नाही, तेव्हा लावायचा तर मुळांतून येणारे फुटवे काढून लावायचा, केळीचे मुनवे लावतात तसा.

बी धरत नाही हे मला खरंच वाईट वाटलं. माझ्या कीबोर्डवर पडलेल्या त्या चकत्या जवळजवळ सगळ्या पोकळ. झाड दर वर्षी सगळा सोहळा करतं. फुलं, चकत्या, वारा, काही म्हणजे काही सोडत नाही, आणि आत दाणा नाही. मी तेव्हा दोन-तीन सोलून बघितल्या होत्या, लहानपणीच्या सवयीने. काहीच निघालं नाही. मला वाटलं आपल्याला सोलता येत नाहीये.

इंग्लंडात द्राक्षं काही फार टिकली नाहीत, झाड मात्र टिकलं. शेतांना कुंपणं घालायची वेळ आली तेव्हा लोकांनी हाच एल्म लावला, कारण फुटवा काढला, खोचला, झालं. बी पेरा, रोप जगवा, भानगडच नाही. लाकूडही गुणी. पाण्यात सतत भिजत राहिलं तर कुजत नाही, म्हणून त्याचे पोकळ ओंडके करून शहरांत जमिनीखाली पाण्याचे पाईप घालत. शवपेट्याही याच्याच. कॉन्स्टेबल या चित्रकाराने साधारण १८२१ मध्ये एल्मच्या नुसत्या खोडाचं एक चित्र काढलंय, ते लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये आहे. नुसतं खोड! पण इतकं जिवंत, की सालीच्या भेगांत बोट घालून बघावंसं वाटतं.

(आपण हसायचं कारण नाही. आपल्या हापूसच्या कलमांची गोष्ट तरी काय वेगळी आहे? जळगावच्या केळीच्या बागेत शेजारी शेजारी उभी असलेली हजारो झाडंही एकमेकांच्या प्रतीच. चव सारखी हवी असेल तर माणूस कॉपीच करणार.)

आता रोग. त्याला डच एल्म डिसीज म्हणतात. यात डच लोकांचा गुन्हा इतकाच, की त्यांनी तो पहिल्यांदा नीट शोधून काढला. १९२१ च्या सुमारास बेआ श्वार्त्स या संशोधक बाईंनी दाखवून दिलं की एल्म मरतात ते एका बुरशीने. त्यांच्यानंतर क्रिस्टीन बाउसमान यांनी हे काम पुढे नेलं. दोघींच्या गुरू योहाना वेस्टरडाइक. म्हणजे बग शोधणारी सगळी टीम बायकांची, आणि १९२० च्या दशकात. बाउसमान १९३६ मध्ये गेल्या, वय अवघं छत्तीस. माद्रिदहून आलेल्या बियांच्या रोपांतून रोगाला दाद न देणारं एक झाड निवडलं गेलं, त्याला त्यांचंच नाव दिलं. तीही फील्ड एल्मचीच जात, आणि आता दुर्मिळ. कारण नंतर लक्षात आलं की तिला दुसरीच एक बुरशी पटकन धरते. पॅच चालला, पण त्यातून नवीन बग निघाला. आपल्याला नवीन नाही हे.

रोग पसरवतो एक बारका भुंगा. तो एल्मच्या सालीखाली अंडी घालतो, आणि बुरशी त्याच्या अंगाला चिकटून एका झाडावरून दुसऱ्यावर जाते. पण मला सगळ्यात चटका लावून गेलं ते पुढचं. बुरशी आत शिरली की झाड तिला अडवण्यासाठी स्वतःच्याच पाणी वाहून नेणाऱ्या नळ्या बंद करायला लागतं. हल्ला झाल्यावर घाबरून सर्व्हरने स्वतःचे सगळे पोर्ट बंद करावेत, तसं. बुरशी तरीही पसरते. झाड शेवटी तहानेने मरतं.

ब्रिटनमध्ये हा रोग पहिल्यांदा १९२७ मध्ये सापडला, बरीच झाडं गेली, मग ओसरला. लोकांना वाटलं, सुटलो. १९६० च्या दशकात उत्तर अमेरिकेतून आलेल्या एल्मच्या ओंडक्यांबरोबर त्याच रोगाची दुसरी, कितीतरी जहाल बुरशी आली. ब्रिटनमध्ये अडीच कोटींहून जास्त एल्म मेले. आणि इंग्लिश एल्मचं काय झालं असेल ते तुम्हाला कळलंच असेल. एक झाड जर त्या बुरशीपुढे टिकत नसेल, तर त्याची एकही प्रत टिकत नाही. चौदा नंबर पडला, की छत्तीस पडतात.

गंमत म्हणजे ही जात संपलेली नाही. इंग्लंडच्या कुंपणांमधून आजही तिचे फुटवे लाखांनी आहेत, कारण मुळं मरत नाहीत. फुटवा वाढतो, पंधरा-वीस वर्षांत त्याची साल भुंग्याला घर करण्याइतकी जाड होते. मग भुंगा येतो, झाड मरतं, आणि मुळातून पुन्हा नवा फुटवा. लहान एल्म हवे तेवढे आहेत. दुर्मिळ आहे तो म्हातारा एल्म. म्हणून प्रेस्टनच्या त्या पोकळ झाडाची एवढी किंमत.

आपल्या हिमालयातही एल्म आहेत. त्यांच्यात याच रोगाच्या जातीची एक बुरशी राहते, तिचं वर्णन १९९५ मध्ये प्रसिद्ध झालं. नावच ओफिओस्टोमा हिमाल-उल्माय. ती तिथल्या झाडांमध्ये आहे, भुंगेही आहेत, पण झाडं मरत नाहीत. बहुधा एकमेकांची इतकी जुनी सवय झाली असावी.

मग ब्रायटनचेच एल्म कसे वाचले? थोडं नशीब. उत्तरेला साउथ डाउन्सच्या उघड्या टेकड्या, दक्षिणेला समुद्र, त्यामुळे भुंग्यांना गावात यायची वाट अरुंद. पण नशीबावर काम भागलं नसतं. १९७० च्या दशकापासून तिथली महापालिका दर उन्हाळ्यात झाडांवर नजर ठेवते, आजारी दिसलं की लगेच तोडते आणि लाकूडही तसंच पडू देत नाही, कारण भुंगा मेलेल्या लाकडातच वाढतो. १९८७ च्या ऑक्टोबरमधल्या मोठ्या वादळात खूप झाडं उन्मळली, तरी आज शहरात सतरा हजारांच्या आसपास एल्म आहेत, आणि एल्मचा राष्ट्रीय संग्रह तिथलाच मानला जातो. लोकही तसलेच. २०१३ मध्ये एका चौकाच्या कामात एक जुना एल्म जाणार म्हटल्यावर लोक त्या झाडावर चढून बसले, आणि शेवटी चौकाचा नकाशा बदलला.

हे सगळं मी जूनमध्ये वाचलं. जुलैच्या पहिल्या आठवड्यात माझ्या खिडकीबाहेरच्या झाडाची शेंड्याजवळची एक फांदी पिवळी दिसली.

एकच फांदी. बाकी झाड हिरवंगार. मी खिडकी लावून घेतली.

स्वतःला समजावायला कारणं हवीत तेवढी होती. त्या वर्षी पाऊस नव्हता, हिरवळी वाळून चटईसारख्या झाल्या होत्या. १९ जुलैला तर इंग्लंडमध्ये इतिहासात पहिल्यांदाच चाळीस अंशांच्या वर पारा गेला. आमच्या गल्लीत लोक असे कासावीस झाले होते की मला चंद्रपूरच्या मावशीला फोन करून सांगावंसं वाटलं. अशा उन्हात एखादी फांदी पिवळी पडणारच की! शिवाय त्या झाडाची सावली गल्लीत सगळ्यांना लागत होती. समोरच्या घरातल्या आजी, ऐंशीच्या आसपासच्या, रोज दुपारी घडीची खुर्ची घेऊन त्याच्याखाली येऊन बसायच्या. मी वर्क फ्रॉम होम असलो की खिडकीतून हात करायच्या. एक झाड, एक आजी, चाळीस अंश. आणि मी जाऊन सांगणार की हे तोडा?

दहा दिवस मी काही केलं नाही. चौदा नंबर रीस्टार्ट केला, म्हणा ना.

मग एका सकाळी ऑफिसला निघताना फूटपाथवर एक डहाळी पडलेली दिसली. तिचं टोक छत्रीच्या मुठीसारखं वाकलेलं होतं. वाचलेलं असलं की वाईट. मी ती उचलली आणि नखाने साल सोलली. आतलं लाकूड पांढरट असायला हवं. त्यावर तपकिरी रेघा होत्या, पेन्सिलीने ओढल्यासारख्या, लांबच लांब. उन्हाने पानं पिवळी पडतात, पण सालीच्या आत अशा रेघा उमटत नाहीत.

बसस्टॉपवर उभ्या उभ्या महापालिकेचा फॉर्म भरला. एक फोटो फांदीचा, एक रेघांचा. सबमिटवर बोट ठेवून एक बस सोडली.

तीन दिवसांत माणूस आला, त्याने वर चढून बघितलं, खाली उतरून मान हलवली. पुढच्या आठवड्यात करवती आल्या. खालच्या बाजूला त्याच रांगेत आणखी दोन एल्म होते. त्या माणसाने सांगितलं की शेजारच्या एल्मची मुळं जमिनीखाली एकमेकांना जोडली जातात, आणि बुरशी भुंग्याशिवायही त्या वाटेने जाते. म्हणून आधी मधली मुळं तोडायची, मग झाड. "महिनाभर उशीर झाला असता तर तिन्ही," तो म्हणाला, आणि हेल्मेट घालून कामाला लागला. मी दहा दिवसांचा हिशोब मनातच ठेवला.

झाड दुपारी तीनपर्यंत संपलं. वरून तुकडे तुकडे करत आणतात. शेवटी खोडाचा गोल उरला आणि माझ्या खोलीत एवढा उजेड आला की लॅपटॉपचा स्क्रीन दिसेना.

समोरच्या आजी दारात उभ्या होत्या. मी रस्ता ओलांडून गेलो आणि सांगितलं, की मी कळवलं होतं. माझी तयारी होती, ओरडतील म्हणून. त्या काही ओरडल्या नाहीत. म्हणाल्या, "मला जूनमध्येच दिसलं होतं. सत्तरच्या दशकात लॉऱ्या भरभरून एल्म जाताना बघितलेत मी, मला काय ओळखू येत नाही? पण म्हटलं, आपण नाही बोललो तर त्याला अजून एक उन्हाळा मिळेल."

मग त्या आत गेल्या. खुर्ची तिथेच होती, ती मी घडी करून त्यांच्या दाराशी ठेवली.

सोमवारी ऑफिसला जाऊन मी मे महिन्याचं ते डॉक्युमेंट उघडलं. 'आधी काही लक्षण दिसलं होतं का?' च्या रकान्यातलं 'नाही' पुसलं आणि लिहिलं: हो, मंगळवारी, सर्व्हर क्रमांक चौदा, मी पाहिलं, लॉग पुसून रीस्टार्ट केला, कुणाला कळवलं नाही. खाली माझं नाव. लीडने वाचलं. तो मूळचा साताऱ्याचा, फार बोलत नाही. म्हणाला, "अरे, विषय बंद झाला होता. आता कशाला उकरून काढलंस?" मी त्याला झाडाची गोष्ट सांगायला लागलो, पण दोन वाक्यांतच माझं मलाच कसंतरी वाटलं, म्हणून थांबलो. पुढच्या अप्रेझलला मधली श्रेणी मिळाली. त्याचं कारण तेच होतं की आणखी काही, ते त्याने सांगितलं नाही, मी विचारलं नाही. पण त्यानंतर आम्ही छत्तीस सर्व्हरवर बदल कधीच एकदम केले नाहीत. आधी दोन, मग आठ, मग बाकीचे. आणि डिस्क भरायला लागली की मेल एकट्या मला न येता सगळ्या टीमला जाऊ लागली.

डिसेंबरमध्ये मी परत आलो. निघायच्या आधीच्या रविवारी प्रेस्टन पार्कात जाऊन आलो. पानं सगळी गळलेली, ते पोकळ खोड ओलं आणि काळंकुट्ट. एक लहान मुलगा आत शिरून आईला हाका मारत होता आणि आवाज वरच्या भोकातून येत होता.

समोरच्या आजींची मधूनमधून ईमेल येते, सगळी कॅपिटल अक्षरांत. गेल्या वर्षीच्या उन्हाळ्यात त्यांनी गल्लीचा फोटो पाठवला. खालचे दोन्ही एल्म हिरवे आहेत. तोडलेल्या झाडाच्या जागी फूटपाथच्या फटीतून फुटवे आलेत, गुडघाभर उंचीचे. ते दिसले की कळवायचे असतात, महापालिकेचा माणूस येऊन काढून जातो. आजींनी खाली लिहिलं होतं, "मी अजून कळवलेलं नाही. तू इथे नाहीस, हे बरं आहे."